पुठ्ठेवाले मास्तर

मास्तरांच्या खोलीत शिरायचं तर वाकावं लागायचं. दार चांगलं उंच होतं, माझ्या नवऱ्याने उभं राहून बांधून घेतलेलं. पण आत या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत सूत ताणलेलं असायचं. लाल, निळं, पिवळं, पोपटी. निजामपुऱ्यात लूमच्या गल्ल्यांत कापड विणून उरलेलं सूत गोण्या भरून दाराबाहेर पडलेलं असतं, तिथून ते मागून आणायचे. सुताला कपड्यांचे चिमटे आणि चिमट्यांना पुठ्ठे. गोडाऊनमध्ये माल काढून झाला की खोकी फाडून चपटी करतात, ते पुठ्ठे. प्रत्येकावर काळ्या मार्करने काही ना काही लिहिलेलं. पंखा लावला की सगळं हलायचं, म्हणून भर उन्हाळ्यात ते पंखा एकवर ठेवायचे आणि घामाने निथळत बसायचे.

एकदा निजामपुऱ्यातला लूमवाला चाचा काही कामाने आमच्या गावात आला होता, त्याने खोलीत डोकावून बघितलं आणि कपाळाला हात लावला. "मास्टर, इतने धागे में तो साड़ी बन जाती."

मास्तर म्हणाले, "बनेगी चाचा. अभी ताना चल रहा है." ताना म्हणजे विणायच्या आधी लूमवर ताणतात ते उभं सूत.

मास्तर आमच्या मागच्या खोलीत बरीच वर्षं भाड्याने राहिले. आमचं गाव दापोड्याच्या बाजूला. पूर्वी भात व्हायचं, आता गोडाऊनं आहेत. तिथे कामाला येणारे लोक गावात खोल्या घेतात. मास्तर शहापूरकडचे. कुठल्याशा कॉलेजात तासांवर इंग्रजी शिकवायचे. ते काम सुटलं आणि ते इथल्या एका गोडाऊनमध्ये परत आलेला माल तपासायला लागले. लोकांनी मागवलेली आणि नापसंत करून परत पाठवलेली वस्तू उघडायची, बघायची, परत का आली ते लिहायचं. लग्न केलेलं नव्हतं. माझं शिक्षण चौथीपर्यंत. कॉलेजात शिकवणाऱ्याला दुसरा काही शब्द असेल, माझ्या तोंडात मास्तरच आलं. ते मला मावशी म्हणायचे.

खोली बघायला आले तेव्हा मी विचारलं, "दारू पिता?"

"नाही."

"मग सुट्टीच्या दिवशी काय करता?"

"अभ्यास. एका गेमवर मोठा लेख लिहायचा आहे. प्रबंध म्हणतात त्याला."

माझा मुलगा बाजूला उभा होता. त्याला हसू आवरेना. "मास्तर, आमच्या गावात सगळी पोरं तोच अभ्यास करतात. मोबाईल हातातून सुटत न्हाय त्यांच्या."

मास्तर रागावले नाहीत. त्यांना कोणी हसलं की ते थोडा वेळ थांबायचे, समोरच्याचं हसून होऊ द्यायचे आणि मग जिथे थांबले होते तिथून पुढे बोलायचे. म्हणाले, "यात पळायचं नसतं, मारायचं नसतं. वाचायचं असतं."

"मग त्याला गेम का म्हणतात?"

"तेच तर लिहायचं आहे," मास्तर म्हणाले.

मुलगा म्हणाला, "घ्या आई, भाडेकरू मिळाला."

तो गेम मी पुढे पाहिला, म्हणून सांगू शकते. लॅपटॉपवर एक चित्र यायचं. डोंगराच्या कुशीतलं एक गाव, त्यात एक केस कापायचं दुकान. आरसा, खुर्ची, खिडकी. गावाच्या खाली धरण बांधलंय, गाव बुडणार आहे. दुकान बापाचं, पण बाप गेलाय आणि पोरगी ते चालवते. गाव सोडून जाण्याआधी एकेक माणूस तिच्याकडे शेवटचे केस कापायला येतो. चित्र तेच राहतं, खुर्चीतला माणूस बदलतो. खाली इंग्रजीत लिहून येतं तो काय बोलतो ते. आणि मध्येच गेम थांबतो आणि विचारतो, आता ही पोरगी काय करेल? दोन-तीन उत्तरं दिलेली असतात, त्यातलं एक दाबायचं. जे दाबाल तशी गोष्ट पुढे जाते. कुठल्या तरी लांबच्या देशातल्या एकाच माणसाने एकट्याने बनवलाय म्हणे. फार कोणाला ठाऊक नाही. मास्तरांच्या ओळखीतल्या कोणालाच ठाऊक नव्हता.

"तुम्हाला कसा काय मिळाला?" मी विचारलं होतं.

"कॉलेज सुटलं त्या वर्षी मला काही वाचता येत नव्हतं, मावशी. पेपर हातात घेतला तरी ओळी सरकायच्या. तेव्हा हा मिळाला. त्या वर्षात मी एवढंच वाचलं." एवढं बोलून ते मोरीत भांडी घासायला गेले.

त्या खोलीत टांगलेलं होतं ते सगळं म्हणजे प्रबंधाची मांडणी. कुठलं उत्तर दाबलं तर गोष्ट कुठे जाते, ते एकेका पुठ्ठ्यावर, आणि एका पुठ्ठ्यापासून दुसऱ्याकडे जाणारं सूत. लाल सूत म्हणजे बोलणं, निळं म्हणजे गप्प बसणं. पोपटी कशाचं ते मला कधी कळलं नाही आणि पिवळं ते स्वतःच विसरले होते. आठ-पंधरा दिवसांनी मांडणी बदलायची. सगळं उतरवायचं, परत टांगायचं. मी विचारायचे, "लिव्हायला घेतलं का?" ते म्हणायचे, "अजून कच्चं आहे."

माणूस तसा निरुपद्रवी, पण सवयी एकेक. सुट्टीच्या दिवशीसुद्धा गोडाऊनचं ओळखपत्र गळ्यात. चहा गार करून प्यायचा. कोणत्याही गोष्टीचा शेवट कोणी सांगायला लागलं की कानात बोटं. माझी सून रात्रीची सिरियल सकाळी नळावर सगळ्यांना सांगायची, तेव्हा हे कळशी अर्धी सोडून खोलीत पळायचे. सून मुद्दाम मोठ्याने ओरडायची, "मास्तर, ती जिवंत हाय! मेली न्हाय ती!" आणि आतून आवाज यायचा, "वहिनी, अहो असं करू नका!"

मानकोली नाक्यावर एक सलून आहे. मास्तर तिथे जाऊन नुसते बाकावर बसायचे. न्हावी काय बोलतो, गिऱ्हाईक काय बोलतं, कोण कधी गप्प होतं, ते ऐकायला. न्हाव्याने दोन-चार वेळा सहन केलं, मग म्हणाला, "दाढ़ी बनवानी है तो बैठो, नहीं तो गिऱ्हाईक को जगह दो." म्हणून मास्तर दर वेळी दाढी करून घ्यायला लागले. एक सुट्टी आली तिला लागून सण, मास्तर दोन्ही दिवस बसून आले. गाल सोलून निघालेले. मी तुरटी दिली. म्हटलं, "अहो, तोंडाची साल निघाली."

"हो, पण मावशी, एक गोष्ट कळली. न्हावी प्रश्न विचारतो तेव्हा आरशात बघतो. माणसाकडे नाही."

"बरं मग?"

"मग काही नाही," म्हणाले, आणि तुरटी लावत नवा पुठ्ठा शोधायला लागले.

मी त्यांच्या अभ्यासात आले ती अशी. एका दुपारी मी ओटीवर तांदूळ निवडत होते. मास्तर समोर येऊन बसले. "मावशी, तुम्ही सिनेमे किती बघितले?"

"लग्नाच्या आधी एक. मध्येच लाईट गेली."

"आणि टीव्ही?"

"सून बघते टीव्ही. मला झोप येते."

"गोष्टीची पुस्तकं?"

"चौथीचं वाचलं तेवढंच."

त्यांचा चेहरा असा झाला, जणू मी त्यांना काही द्यायला काढलंय. मग त्यांनी समजावलं. हा गेम त्यांनी इतक्यांदा वाचला होता की आता त्यांना तो वाचता येत नव्हता. पुढचं माहीत असलेला माणूस वाचत नाही, तपासतो. गोडाऊनमध्ये करतात तेच. प्रबंधाला एक माणूस पाहिजे होता, ज्याला पुढचं काही माहीत नाही आणि जो दुसऱ्या गोष्टींवरून अंदाज बांधणार नाही. तो गेम वाचेल, उत्तरं देईल आणि का दिली ते सांगेल. प्रबंधातला अर्धा भाग त्यावर.

"मला इंग्रजी येत न्हाय."

"मी मराठीत सांगतो. तुम्ही फक्त सांगायचं, पोरीने काय करावं."

मला काम होतं, पण तांदूळ निवडताना कान रिकामेच असतात. मी म्हटलं सांगा.

तेव्हापासून त्यांच्या सुट्टीच्या दुपारी आम्ही ओटीवर बसायचो. लॅपटॉप स्टुलावर. ते एकेक ओळ सांगायचे. पोरीचं परकं नाव माझ्या तोंडात बसेना, म्हणून मी तिला दुकानवाली म्हणायचे. पहिली आली ती शाळेतली बाई. म्हणते, केस अगदी बारीक कर, आता मी परत येणार नाही. गेमने विचारलं, दुकानवालीने तिला कुठे जाणार ते विचारावं, का गप्प बसावं?

"गप बसावं," मी म्हटलं. "कात्री कानापाशी असताना दुसऱ्याला रडवू न्हाय."

मास्तरांनी ते पुठ्ठ्यावर तस्संच लिहिलं. मी म्हटलं, "सुधारून लिव्हा, माझं बोलणं कसलं." ते म्हणाले, "हात लावणार नाही त्याला."

मग एक दिवस एक माणूस आला. गावात सगळ्यात आधी त्याने जमिनीच्या कागदावर सही केली होती आणि मग घरोघर फिरून दुसऱ्यांना पटवलं होतं. आता तो दाढी करायला येऊन बसलाय, मान वर करून. दुकानवालीने त्याची दाढी करावी, की उठवून लावावं?

मी मांडीवरचं सूप खाली ठेवलं. मास्तरांनी घाई केली नाही. त्यांच्यात तो एक गुण होता, उत्तराची वाट बघताना ते तुमच्याकडे बघत नसत.

"दाढी करावी," मी म्हटलं. "पण पाणी गार घ्यावं. आन बोलू न्हाय एक शब्द."

"गार पाणी यात नाही, मावशी. करा किंवा उठवा, एवढंच आहे."

"मग ज्याने गेम बनवला त्याला सांगा टाकायला."

मास्तर इतके खूश झाले की उठून अंगणात एक फेरी मारून आले. मग विचारलं, "गार पाणी का?"

"आमच्यात पण एक होता," मी म्हटलं. "माझा दीर. पयली सही त्याची. मग एकेकाच्या दारात बसला. शेवटी आमच्या. तुम्ही जिथे उभं राहून माल तपासता ना, ती आमची भाताची खाचरं. दीर नंतर दर गणपतीला यायचा, मी त्याला जेवायला वाढायचे. कधी गरम वाढलं न्हाय. मेला तोवर त्याला कळलं न्हाय."

"कळलं असेल," मास्तर म्हणाले.

ते त्यांनी लिहिलं नाही. मी वाट बघत होते लिहितात का ते. मार्करचं टोपण लावलं आणि लॅपटॉप बंद केला. दुसऱ्या दिवशी कामावरून आल्यावर मला म्हणाले, "आज दिवसभर खाली बघून चालत होतो, मावशी." मी म्हटलं, "फरशी हाय आता. फरशीला काय होतंय."

मास्तरांचा प्रबंध कोणी अडवला असता तर मला त्यांची जास्त कीव आली असती. तसं झालं नाही. कल्याणला एक प्राध्यापक बाई होत्या, त्यांना भेटायला गेले तेव्हा मला बरोबर नेलं. का, तर मी पुरावा. गोणीत निवडक पुठ्ठे भरले, रिक्षाने कल्याण गाठलं. बाई तरुण होती, चांगल्या स्वभावाची. पुठ्ठे टेबलावर, खुर्चीवर, खाली जमिनीवर मांडले, ते तिने चपला काढून फिरून बघितले. मला विचारलं, "आजी, तुम्हाला हा गेम आवडला?"

"आवडायला ते काय पापड हाय? पुढं काय होतं ते बघायचंय."

ती हसली. मास्तरांना म्हणाली, "सर, हे कोणी केलेलं नाहीये. मी तुम्हाला माझ्याकडे विद्यार्थी म्हणून घेते. पण पुठ्ठे नकोत. थोडीच पानं लिहा, कशीही लिहा, मला आणून द्या. मग नोंदणीचं मी बघते."

मी रिक्षात म्हटलं, "झालं की काम."

मास्तर गोणी मांडीवर घेऊन बसले होते. म्हणाले, "नाही म्हटलं असतं तर बरं झालं असतं."

"का?"

"आता लिहावं लागेल."

मला वाटलं चेष्टा करतायत. तोंडाकडे बघितलं तर तसं नव्हतं. कोनगावचा पूल आला तरी ते गोणीची सुतळी सोडत आणि बांधत होते.

त्यानंतर त्यांनी सुतं जास्त ताणायला सुरुवात केली. खाली, गुडघ्याच्या उंचीवरही. दारातून खाटेपर्यंत जायची एकच वाट राहिली, तीही वाकून, मग वळून. बाईंचा फोन यायचा. मास्तर फोनकडे बघत राहायचे. वाजून वाजून बंद झाला की म्हणायचे, "मीटिंगमध्ये आहे असं वाटलं असेल त्यांना." मी म्हणायचे, "तुम्ही मोरीत बसलाय." सून म्हणायची, "मास्तर, मी बोलते, सांगते सर बाळंत हायेत." तेव्हा हसायचे.

आणि माझं वाचन त्यांनी थांबवलं. दुकानवालीचं शेवटचं गिऱ्हाईक गेलं होतं. गाव रिकामं. ती केर काढत होती, कापलेले केस एका कोपऱ्यात लोटत होती. पुढे एकच प्रश्न होता, मास्तर म्हणाले, सगळ्यात शेवटचा. आणि तिथे लॅपटॉप मिटला. "पुढच्या सुट्टीला."

पुढच्या सुट्टीला म्हणाले, अजून तयारी नाही. त्याच्या पुढच्या सुट्टीला सलूनमध्ये गेले. मग पाऊस, मग दिवाळी. मी सोडणारी नव्हे. दारात जाऊन उभी राहायचे, सुतांच्या पलीकडे. "मास्तर, ती पोरगी किती दिस केर काढतेय?"

"मावशी, ते उत्तर तुम्ही दिलंत की संपलं."

"संपायलाच पायजे ना? संपल्याशिवाय लिव्हणार कसं?"

"संपलं की तुम्हीही माझ्यासारख्या होणार. मग मला पहिल्यांदा वाचणारं माणूस कुठून मिळेल?"

"मी काय कायमची हाय? सत्तरी गेली माझी. मी गेले तर काय कराल?"

त्यांना तो विचार आला नव्हता. इतके घाबरले की मलाच वाईट वाटलं. दुसऱ्या दिवशी कामावरून येताना माझ्यासाठी ताकद यायची कसलीशी पावडर घेऊन आले. मी ती सुनेला दिली.

आणि गेले ते मास्तरच. सकाळी पाणी आलं तरी मास्तर कळशी घेऊन आले नाहीत. मुलाने हाक मारली, मग दार ढकललं. खाटेवर कुशीवर होते, हात उशाखाली. डॉक्टर आले, दारातून वाकून आत गेले, वाकूनच बाहेर आले. म्हणाले, झोपेत हृदय बंद पडलं.

गावातली माणसं आली उचलायला. आणि कोणाला आत जाता येईना. एक माणूस वाकून, वळून जायचा. चार जण खाटेवरचा माणूस घेऊन कसे येणार? एकाने सूत वर उचलून धरलं, तर पलीकडचे पुठ्ठे कोसळले. कोणीतरी म्हणालं, "कोळ्याच्या जाळ्यात राहत होता काय हा?" माझा मुलगा आत मधोमध उभा होता, हातात विळा. माझ्याकडे बघितलं.

"आई, कापू?"

मी ती मांडणी किती वेळा उतरलेली, चढलेली पाहिली होती. कुठलं सूत कुठून कुठे जातं ते त्या एका माणसाच्या डोक्यात होतं आणि तो तिथे पडला होता.

"काप," मी म्हटलं.

सुताला काही आवाज नाही होत कापताना. पुठ्ठे मात्र एकेक करून पडले. त्यांच्यावर पाय ठेवतच मास्तरांना बाहेर आणावं लागलं.

शहापूरकडून त्यांचा धाकटा भाऊ आला. शेती करतो. भावाशी त्याचं फारसं बोलणं नव्हतं, पण भांडणही नव्हतं. दहा दिवस आमच्याकडेच राहिला. सुनेने पुठ्ठे गोळा करून एका कोपऱ्यात रचले होते, त्यांच्याकडे बघत तो बसायचा. एकेक उचलायचा, वाचायचा. "'कात्री कानापाशी असताना दुसऱ्याला रडवू न्हाय.' हे काय हाय, मावशी?"

"माझं हाय ते."

"आन ह्याच्यापुढं काय जोडायचं?"

"ते सुतालाच ठाऊक."

मी त्याला कल्याणच्या बाईंना फोन करायला लावला. त्याने सांगितलं, भाऊ गेला. बाईंनी मग विचारलं, लिहिलेलं काही आहे का? एखादं पान तरी? त्याने पुठ्ठ्यांकडे बघितलं आणि म्हणाला, "पान न्हाय, मॅडम." आणि फोन ठेवल्यावर माझ्याकडे बघून म्हणाला, "खोटं कशाला बोलू?"

दहाव्याला जायच्या आदल्या संध्याकाळी तो म्हणाला, "मावशी, कावळा शिवला न्हाय तर तुम्ही बोला. तुम्हाला ठाऊक हाय त्याचं काय राहिलंय ते. मला न्हाय."

कावळा शिवला नाही तर मेलेल्याची इच्छा राहिली असं धरतात. मग कोणीतरी पुढे होऊन मोठ्याने सांगायचं, तुझं अमुक काम आम्ही करू, काळजी करू नको. माझ्या नवऱ्याच्या वेळी धाकट्या लेकीच्या लग्नाचं बोलावं लागलं होतं. दीर गेला तेव्हा जावेने अर्धा गाव बोलायला लावला.

मास्तरांचं काय राहिलं ते लहान मूलही सांगेल. पण मी काय बोलणार? प्रबंध लिहू? मला सही करायला वेळ लागतो. भाऊ लिहील? बाई लिहितील? मेलेल्या माणसापुढे खोटं बोलायचं माझ्याने होत नाही. मी त्या संध्याकाळी आणि सकाळी वाटेतही विचार केला. माझ्याकडून होण्यासारखं एकच होतं. त्यांना पहिल्यांदा वाचणारं माणूस राखून ठेवायचं होतं. तर तेवढं मी राहीन. सांगेन, मास्तर, पुढचं मी कोणाकडून ऐकणार नाही. केर काढू दे तिला.

खाडीवर गेलो. ओहोटी होती, चिखलाचा वास. बायका लांब उभ्या, पण मला भावाने पुढे बोलावलं. भटजींनी पिंड मांडले, भाऊ हात जोडून मागे सरला. मी पदर सावरला. बोलायचं ते जिभेवर घेऊन उभी राहिले.

आम्ही नीट मागे झालोही नव्हतो, तोच कावळा आला. एक बसला, मागून दुसरा. सरळ चोच घातली.

"सुटला," कोणी तरी म्हणालं. भावाच्या डोळ्यांतून पाणी आलं, हसतही होता. "बघा मावशी, काय पण राहिलं नव्हतं त्याचं." भटजी म्हणाले, पुण्यवान माणूस, अशी माणसं मोकळी जातात. सगळे चपला शोधायला लागले.

मला राग आला. खाडीवरचे कावळे रोजचेच आहेत, माणसं दिसली की येऊन बसतात, हे मला समजत नाही असं नाही. तरी राग आला. एवढी वर्षं खोलीत वाकून राहिला, दुसऱ्यांना वाकायला लावलं, आणि शेवटी काही नको होतं? मला विचारलंही नाही. मी काय घेऊन उभी आहे ते ऐकूनही घेतलं नाही.

घरी आलो तर भावाची जायची तयारी. मास्तरांचे कपडे, भांडी वाटून टाकली होती. लॅपटॉप तो मुलीसाठी नेणार होता. रिक्षावाल्याला सांगून ठेवलेलं. सून कामावर जायला निघत होती, ती गोडाऊनमध्ये दुपारच्या शिफ्टला माल स्कॅन करते.

मी तिला म्हटलं, "थांब. ते मास्तरांचं उघड. शेवटचं काय हाय ते मला वाचून दाखव."

"आता? आई, माझी ड्युटी हाय."

"आताच. तो घेऊन चाललाय."

तिने स्टूल ओढलं. लॅपटॉपला काही कुलूप नव्हतं, चालू केल्यावर तेच चित्र आलं. आरसा, खुर्ची, खिडकी. दुकानवाली केर काढत होती. मी ओटीवर बसले. भाऊही उभा राहिला मागे.

सून वाचायला लागली. "ती केर काढते... केस काय ते एकत्र करते... बाहेर पाणी यायला लागलं, आवाज येतो... मग..." तिचं इंग्रजी बेताचं, पण बोट जोरात. गोडाऊनमध्ये पडद्यावर काही आलं की दाबून पुढे जायचं असतं. वाचत थांबलं तर मागे माल तुंबतो आणि सुपरवायझर ओरडतो. ती तशीच दाबत गेली. टक, टक, टक. चित्र बदललं. निळं पाणी, त्याच्यावर खूप सारा उजेड. मग काळा पडदा आणि पांढरी अक्षरं वर सरकायला लागली.

"झालं," ती म्हणाली. "नावं आली. संपला."

"मध्ये विचारलं असेल काहीतरी. शेवटचं विचारतात."

"हां, विचारलं ना. बापाची खुर्ची घेऊन जायची का तिथंच ठेवायची, असं काहीतरी. मी वरचं दाबलं."

"वरचं कुठलं?"

"न्यायची, वाटतं." तिने माझ्या तोंडाकडे बघितलं. "आई, परत लावू का? परत लागतं ते. दुसरं दाबून बघू?"

बाहेर रिक्षावाल्याने हॉर्न दिला.

"नको," मी म्हटलं. मग म्हटलं, "ठेवायला पायजे होती. पाण्यात गेली तर जाऊ दे. पण दुसऱ्याच्या घरात ती नुसती बसायची खुर्ची होते."

"बरं," सून म्हणाली, आणि वायर गुंडाळायला लागली.